ओसरीवरून : मागें उभा राहणारा

गेल्या मार्गशीर्षांतील गोष्ट. येथील महाकवि कालिदास कलामंदिरांत जुन्या चित्रपटगीतांचा एक जलसा होता. आमच्या घरचीं लहानथोर नऊ माणसें त्यास गेलीं होतीं. गाण्याच्या ओढीनें गेलीं असें म्हणणें खरें होणार नाहीं. माझ्या वडील बंधूंचा नातू त्या दिवशीं प्रथमच एवढ्या मोठ्या रंगमंचावर वाजविणार होता, हें खरें कारण. पडदा वर गेला. गाणारी मंडळी पुढें झगझगीत उजेडांत उभी. आमचा मुलगा मात्र पार मागें, ड्रमवाल्याच्या शेजारीं, अर्धवट अंधारांत, गळ्यांत ती लांब मानेची चार तारांची बेस गिटार अडकवून उभा. तीन तासांत त्यानें श्रोत्यांकडे एकदांहि पाहिलें नाहीं. शेवटीं निवेदकानें वादकांचीं नांवें सांगावयास आरंभ केला, आणि आमच्या मुलाचें नांव येईपर्यंत निम्मे लोक उठून दाराशीं पोंचले होते.

घरीं आल्यावर ओसरीवर बैठक बसली. अण्णा, म्हणजे माझे वडील बंधु, बराच वेळ सुपारी कातरीत बसले होते. मग म्हणाले, “गावयाचें तर पुढें बसून गावें. दुसऱ्याच्या मागें उभें राहून तारा छेडण्यांत कसला आला आहे पुरुषार्थ?”

एवढ्यावरच विषय संपता तर तो ह्या सदरांत आलाच नसता. परंतु त्याच रात्रीं मुलानें सांगितलें कीं, सनदी हिशेबनीसांकडे चाललेली आपली उमेदवारी सोडून मुंबईस जावें, आणि नामांकित गायकांच्या मागें वाजवून त्यावरच पोट भरावें, असा आपला विचार आहे. घर एकदम स्तब्ध झालें. अण्णा माझ्याकडे वळून म्हणाले, “तूं जन्मभर मास्तरकी केलीस. ह्याची समजूत घालणें तुझें काम.” मीं तें काम पत्करलें. तें करीत असतां माझीच कांहीं समजूत निराळी झाली. ती कशी, हें आज वाचकांस निवेदन करावयाचें आहे.

प्रथम मीं त्याला विचारलें कीं, बाबा रे, तुझें हें वाद्य करतें तरी काय? मला सभागृहांत गायक ऐकूं आला, सनई ऐकूं आली, तबला ऐकूं आला. तुझा नाद म्हणून कांहीं निराळा ऐकूं आला नाहीं. त्यावर तो रागावला नाहीं. म्हणाला, “नानाआजोबा, तो निराळा ऐकूं आला असता तर माझें चुकलें असतें.” मग त्यानें मला माजघरांत नेलें, पेटीवर गंधार धरून ठेवावयास सांगितला, आणि स्वतः खालीं खर्जांत षड्ज वाजविला. गंधार प्रसन्न वाटला. मीं बोट उचललें नाहीं. त्यानें मात्र षड्ज सोडून खालीं धैवत लावला. तोच माझा गंधार एका क्षणांत उदास झाला! स्वर तोच, भाता तोच, बोट तेंच; परंतु खालचा आधार बदलतांच त्याचा अर्थ पालटला. मूर्च्छनेचें तत्त्व मीं पुस्तकांत वाचलें होतें. आधारस्वर बदलला कीं, त्याच स्वरांचें नातें बदलतें हें मला पाठ होतें. मघांचा षड्जाचा गंधार आतां धैवताचा पंचम झाला होता. परंतु तें आपल्या बोटाखालीं घडतांना मीं वयाच्या सहासष्टाव्या वर्षीं प्रथम ऐकलें.

ह्या वाद्याचा जन्म फार जुना नव्हे. पूर्वीं पाश्चात्य वाद्यवृंदांत माणसाहून उंच असें एक भलें थोरलें व्हायोलिन उभें धरून खर्ज वाजवीत. तें वाहून नेणें हेंच एक संकट असे, आणि ढोलांच्या गजरांत त्याचा नाद बुडून जाई. १९५१ सालीं अमेरिकेंत लिओ फेंडर नांवाच्या कारागिरानें तेंच काम करणारी, हातांत मावणारी, विजेवर वाजणारी गिटार विक्रीस आणली. तिच्या सर्वांत जाड तारेचीं आंदोलनें सेकंदास सुमारें ४१ होतात, म्हणजे आपल्या पुरुषी तंबोऱ्याच्या खर्जाच्याहि बरीच खालीं ती तार बोलते. इतका खोल नाद कानापेक्षां छातीलाच अधिक जाणवतो. गायकाच्या स्वराला खालून आधार देणें, आणि ड्रमच्या मोठ्या ठोक्याशीं नेमकें मिळून लयीचा पाय स्थिर ठेवणें, अशीं दोन कामें हें वाद्य एकाच वेळीं करतें. आपल्याकडे एक काम तंबोरा करतो व दुसरें तबल्याचा डग्गा करतो, असें म्हटलें म्हणजे वाचकांस कल्पना येईल.

हें सर्व चाललें असतां वहिनी उंबऱ्याशीं उभ्या राहून ऐकत होत्या. त्या म्हणाल्या, “ह्यांत नवल तें काय? पंगतींत वाढणारणीचें नांव कोण घेतें? पण मीठ चुकलें तर सगळ्या पंगतीला कळतें.” मीं पुढें जें जें वाचलें, त्यांतील पुष्कळसें ह्या एका वाक्यांत आलेलें होतें.

आतां ग्रंथाधाराकडे वळूं. कारण अण्णांना ग्रंथाधारावांचून कांहीं पटत नाहीं, आणि खरें सांगावयाचें तर मलाहि नाहीं. भरताच्या नाट्यशास्त्रांत गायक व वादक ह्यांच्या समूहास ‘कुतप’ म्हटलें आहे, आणि त्यांत गाणारा हा वीणावादकांच्या व वेणुवादकांच्या बरोबरीनें बसविला आहे. त्याच ग्रंथांत स्वातिमुनींची कथा आहे. पाणी आणावयास गेले असतां सरोवरांतील कमळांच्या लहानमोठ्या पानांवर पडणाऱ्या पावसाचे निरनिराळे ध्वनि त्यांनीं ऐकले, आणि त्यांवरून पुष्कर नांवाचीं चर्मवाद्यें निर्माण केलीं. तालवाद्याच्या उत्पत्तीला मुनीची कथा जोडणारे लोक त्या वाद्याला हीन मानीत असतील, असें मला वाटत नाहीं.

ह्याहून मोलाचा आधार आपल्या महाराष्ट्रांतलाच आहे. तेराव्या शतकांत देवगिरीच्या यादव राजाच्या, सिंघणाच्या आश्रयानें शार्ङ्गदेवानें संगीतरत्नाकर रचला. त्यांत उत्तम वृंद कसा असावा हें तो मोजून सांगतो : मुख्य गायक चार, त्यांचे साथीदार गायक आठ, गायिका बारा, बांसरीवाले चार आणि मृदंगवाले चार. नंतर तो वृंदाचे सहा गुण सांगतो. त्यांचा भावार्थ असा : मुख्याच्या मागून जाणें, एकमेकांत मिसळणें, तालांत लीन होऊन चालणें, परस्परांचें तुटलेलें सांभाळून घेणें, तिन्ही सप्तकें व्यापण्याचें सामर्थ्य असणें, आणि सर्वांचा नाद एकसारखा भासणें. वाचकहो, ह्या सहांत चमकण्याचा गुण नाहीं. वृंदांतील माणसाचा चौथा गुण म्हणून शार्ङ्गदेवानें जें सांगितलें आहे, म्हणजे दुसऱ्याचें तुटेल तें आपण जोडणें व जोडलें हें कोणास कळूं न देणें, तें संगीताइतकेंच एकत्र कुटुंबासहि लागू आहे.

ग्रंथाकडून मनुष्यांकडे आलों म्हणजे आपल्या मराठी रंगभूमीवरच थोर उदाहरणें सांपडतात. १९१३ सालीं गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली. बालगंधर्वांच्या पदांना तबल्याची साथ करावयास त्या मंडळींत पुढें अहमदजान थिरकवा खांसाहेब होते, आणि सारंगीवर कादरबक्ष होते. थिरकवा हे मुनीरखांचे शागीर्द. स्वतंत्र तबलावादनानें मैफल जिंकण्याचें त्यांचें सामर्थ्य होतें, आणि उत्तरायुष्यांत देशानें त्यांना त्याच वादनासाठीं नांवाजलें. १९७० सालीं त्यांना पद्मभूषण मिळालें. असा हा मनुष्य रात्रीच्या रात्री रंगमंचासमोर बसून नाट्यपदाला साधा, सरळ ठेका देत असे. ज्याला पुष्कळ येतें त्यानें थोडें वाजवणें ह्याला कांहीं कमी तपश्चर्या लागत नाहीं. ज्याला थोडेंच येतें त्याचा संयम हा संयम नव्हे, ती निरुपाय आहे.

गोविंदराव टेंबे ह्यांचेंहि असेंच. हार्मोनियम हें वाद्य त्यांनीं आपल्याच मेहनतीनें वश केलें, आणि भास्करबुवा बखल्यांसारख्या गवयाच्या मागें बसून साथ केली. गवयाच्या गळ्यांतून निघालेली जागा क्षणांत बोटांवर उतरवावयाची, आणि त्याच्या पुढें एक पाऊलहि टाकावयाचें नाहीं, ह्या शाळेंत ते तयार झाले. पुढें १९११ सालच्या ‘मानापमान’ नाटकाच्या चाली त्यांनींच दिल्या, आणि १९३२ सालच्या ‘अयोध्येचा राजा’ ह्या पहिल्या मराठी बोलपटाचें संगीतहि त्यांनींच केलें. मागें बसून ऐकलेलें पुढें उपयोगास येतें, ह्याचें हें ठळक उदाहरण आहे. आमच्या पंचवटींत विष्णु दिगंबर पलुसकरांच्या रामनाम आधार आश्रमांत जे शिष्य राहिले, तेहि ह्याच रीतीनें शिकले. गुरूच्या पाठीशीं तंबोरा घेऊन बसणें हा शिक्षेचा नव्हे, शिक्षणाचा भाग होता.

तरी पण आपल्या घरांतून ‘मागें बसणारा’ हा शब्द तुच्छतेनें उच्चारला जातो, हें नाकबूल करून चालणार नाहीं. त्याचें कारण मीं शोधलें, आणि तें सांगतांना थोडी लाज वाटते. तबलजी व सारंगिये हे बहुतेक मुसलमान. कांहीं गोव्याच्या कलावंत घराण्यांतले. आणि चित्रपटांच्या स्टुडिओंतील व्हायोलिन, ट्रंपेट वाजविणारे बहुतेक गोव्याचे ख्रिस्ती. म्हणजे आपण साथीच्या कलेचा विचार करून तिला खालची ठरविली असें नव्हे. ती कोणाच्या हातीं आहे हें पाहून ठरविली. गोव्याचे लयभास्कर खाप्रुमामा पर्वतकर हातांनीं, पायांनीं व तोंडानें एकाच वेळीं निरनिराळे ताल दाखवीत. एवढें लयीचें गणित आपल्यांतील कोणा पंडितानें केलें असतें, तर आपण त्याला शास्त्र म्हटलें असतें. हा जातीचा दर्प आहे, आणि सुशिक्षित घरांनीं तो ओळखून टाकून दिला पाहिजे.

आतां चित्रपटाच्या साथीदारांची हकीकत. कारण आमच्या मुलास जावयाचें आहे तें त्याच वाटेनें. आमच्या त्र्यंबकेश्वरीं जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ सालीं मुंबईंत दाखविला गेला. त्या काळीं चित्रें मुकीं होतीं. म्हणून पडद्याजवळ पेटी-तबला घेऊन माणसें बसत, आणि चित्रांतील प्रसंग पाहून वाजवीत. १९३१ सालीं ‘आलम आरा’ बोलूं लागला, तेव्हां गाणें व चित्र एकाच वेळीं घ्यावें लागे. नट गात असे, आणि वादक मंडळी कॅमेऱ्याच्या दृष्टीबाहेर दडून वाजवीत. १९३५ सालीं पार्श्वगायनाची पद्धति आली, व वादकांना स्टुडिओंत ऐसपैस जागा मिळाली. परंतु दडून राहण्याचा त्यांचा योग कांहीं सुटला नाहीं. ध्वनिमुद्रिकेवर गायकाचें नांव येई, संगीतदिग्दर्शकाचें येई. वादकांचें क्वचितच आलें.

ह्या वादकांत गोव्याचे लोक इतके कां, असा प्रश्न सहज पडतो. पोर्तुगीज अमदानींत चर्चला जोडलेल्या पॅरिश शाळांतून मुलांना लिहिलेलें संगीत वाचावयास व व्हायोलिन वाजवावयास शिकवीत. पोटापाण्यासाठीं तीं मुलें मुंबईस आलीं, आणि कागदावर लिहिलेली चाल पाहतांच वाजवून दाखवूं लागलीं. आपल्याकडील संगीतदिग्दर्शकाच्या मनांत चाल असे. ती चाळीस-पन्नास वादकांस वांटून देण्यासाठीं ती लिहून काढणारा व स्वरांची जुळणी करणारा मनुष्य लागे. शंकर-जयकिशन ह्यांच्या गाण्यांसाठीं सबॅस्टियन डिसूझा ह्यांनीं हें काम वर्षानुवर्षें केलें. तेव्हां सर्व वादक व गायक एकदम वाजवीत-गात, आणि तें सलग मुद्रित होई. शेवटच्या ओळींत एका व्हायोलिनवाल्याचें बोट घसरलें तर सर्वांना पुन्हां आरंभापासून गावें लागे. ह्यांत किती जबाबदारी आहे ह्याचा विचार करावा. परीक्षेच्या वर्गांत एका मुलाची शाई सांडली म्हणून साऱ्या वर्गास पुन्हां पहिल्या प्रश्नापासून लिहावें लागावें, असा तो प्रकार!

त्यांतील एकाचें नांव मात्र एका विलक्षण रीतीनें घरोघरीं पोंचलें. गोव्यांतील माजोर्डे गांवचे अँथनी गोन्साल्विस (१९२७-२०१२) हे व्हायोलिनवादक होते, आणि मुलांना शिकवीतहि असत. त्यांचे एक शिष्य प्यारेलाल. हे प्यारेलाल व आपले लक्ष्मीकांत कुडाळकर, एक व्हायोलिन वाजविणारा व दुसरा मेंडोलिन वाजविणारा, दोघेहि लहानपणापासून दुसऱ्यांच्या गाण्यांत साथ करून वाढले, आणि पुढें जोडीनें संगीतदिग्दर्शक झाले. १९७७ सालच्या ‘अमर अकबर अँथनी’ ह्या चित्रपटांत नायकाच्या तोंडीं ह्या जोडीनें जें गमतीचें गाणें दिलें, त्यांत गुरूचें नांव घातलें. लाखों लोकांनीं तें नांव उच्चारलें. तें एका खऱ्या माणसाचें आहे हें त्यांतील फारच थोड्यांस ठाऊक होतें. शिष्यानें गुरुदक्षिणा दिली, परंतु तीहि अशी गुपचूप!

आमच्या मुलाच्या वाद्याचेंच उदाहरण पाहिजे असेल तर मुंबईचे चरणजीत सिंग ह्यांचें आहे. त्यांनीं कित्येक वर्षें मोठमोठ्या संगीतदिग्दर्शकांकडे बेस गिटार व इतर वाद्यें वाजविलीं. १९८२ सालीं त्यांनीं यंत्रवाद्यांच्या साहाय्यानें दहा राग वाजवून स्वतःच्या नांवाची एक तबकडी काढली. तिच्याकडे कोणीं लक्ष दिलें नाहीं. अठ्ठावीस वर्षांनीं, २०१० सालीं, ती पुन्हां प्रसिद्ध झाली. परदेशांतील तरुण ती ऐकून चकित झाले, आणि ह्या वृद्ध गृहस्थांस युरोपांत वाजवावयास बोलावणीं आलीं. २०१५ सालीं ते वारले. कीर्ति त्यांना मिळाली, पण केस पिकल्यावर मिळाली.

ही गोष्ट आपल्याच देशापुरती आहे असें कोणी समजूं नये. अमेरिकेंत डेट्रॉइट शहरीं मोटाउन नांवाची गाण्यांची कंपनी होती. तिच्या साठच्या दशकांतील कित्येक लोकप्रिय गाण्यांतील बेस जेम्स जेमर्सन नांवाच्या एकाच गृहस्थाचा आहे. कंपनीच्या तबकडीवर त्याचें नांव यावयास १९७१ साल उजाडलें. पुढच्याच वर्षीं कंपनी दूरच्या शहरीं गेली, आणि त्याचें दैव फिरलें. १९८३ सालीं, पन्नाशीहि न गांठतां, तो वारला. त्यानंतर सतरा वर्षांनीं, २००० सालीं, तेथील संगीताच्या कीर्तिमंदिरांत साथीदारांसाठीं निराळें दालन झालें, आणि पहिल्याच वर्षीं त्याला त्यांत जागा मिळाली.

हें सारें मीं एके दिवशीं अण्णांना सांगितलें. ते शांतपणें ऐकत होते. शेवटीं मीं म्हटलें, “अण्णा, तुम्ही चाळीस वर्षें देवळांत कीर्तनकारांच्या मागें पेटी वाजविलीत. रामनवमीला किती बुवा आले, किती गेले. त्यांचीं नांवें फलकावर असत, तुमचें कधीं होतें का? मग तुमच्या पेटींत पुरुषार्थ नव्हता असें मीं म्हणावें काय?”

अण्णा थोडा वेळ बोलले नाहींत. मग म्हणाले, “म्हणूं नको. पण एक लक्षांत ठेव. माझी पेटी पोटासाठीं नव्हती. मला महिन्याच्या महिन्यास पगार होता. कीर्तन रद्द झालें तर माझ्या घरची चूल विझत नव्हती.”

वाचकहो, येथें मी निरुत्तर झालों. इतके दिवस मी ज्या प्रश्नाशीं झुंजत होतों तो मानाचा प्रश्न होता, आणि त्याचें उत्तर मला मिळालें होतें. अण्णांच्या मनांतला खरा प्रश्न मानाचा नव्हताच. तो भाकरीचा होता. वडील माणसें पुष्कळदां भीति बोलून दाखवीत नाहींत, तिला तिरस्काराचा वेष देतात. आपण त्या वेषाशींच भांडत बसतों.

भाकरीच्या बाजूनें पाहिलें तर अण्णांची भीति खोटी नाहीं. साथीदाराला पगार नाहीं. बोलावणें आलें तर पैसा. १९४० सालीं आकाशवाणीनें हार्मोनियमवर बंदी घातली, ती १९७१ सालीं अंशतः उठली. त्या तीस वर्षांत रेडिओचें दार पेटीवाल्यांस बंद राहिलें. त्यांत त्यांच्या गुणांचा दोष कोणता? पुढें गेल्या शतकाच्या अखेरीस यंत्रांतून सर्व वाद्यांचे आवाज काढतां येऊं लागले. जेथें पन्नास वादक बसत तेथें एक मनुष्य व एक पेटीवजा यंत्र पुरेसें होऊं लागलें, आणि मोठमोठे वृंद मोडले. आज तर संगणक स्वतःच चाल रचूं लागला आहे. ज्याचा धंदा दुसऱ्याच्या बोलावण्यावर अवलंबून, त्यानें दुसऱ्याच्या सोयी बदलतील हें गृहीतच धरलें पाहिजे.

कायद्यानें थोडा आधार दिला आहे, पण तो मागून घ्यावा लागतो. १९५७ च्या कॉपीराइटच्या कायद्यांत १९९४ सालीं कलावंताच्या प्रयोगावरील हक्कास जागा मिळाली, आणि २०१२ सालच्या दुरुस्तीनें आपला प्रयोग आपल्या नांवानें ओळखला जावा असा दावा करण्याचाहि अधिकार त्यास दिला. परंतु कागद न वाचतां सही करणाऱ्याचें रक्षण कोणताहि कायदा करूं शकत नाहीं. हिशेबनीसाच्या कचेरींत बसलेल्या मुलास हें मीं सांगावें असें नाहीं, तो हंसून म्हणाला, “आजोबा, आमच्या बरोबरीच्या वादकांचे करार मीच वाचून देतों.” तें ऐकून अण्णांनीं प्रथमच त्याच्याकडे कौतुकानें पाहिलें.

शेवटीं जें ठरलें तें असें. उमेदवारी अर्धवट सोडावयाची नाहीं; ती येत्या ज्येष्ठांत संपते, तोंवर शनिवारीं पंचवटी एक्स्प्रेसनें मुंबईस जावें व रविवारीं परत यावें. त्यानंतर दोन वर्षें घरानें त्याच्या मुंबईंतील राहण्याजेवणाचा खर्च सोसावा. त्याचा हिशेब त्यानें स्वतःच्या हातानें लिहावा, आणि दर दिवाळीस ओसरीवर वाचून दाखवावा. लिहिलेलें संगीत वाचण्याची विद्या त्यानें पक्की करावी. कारण गोव्याच्या मुलांना जी विद्या कामास आली तीच त्यालाहि येईल. कानांचें रक्षण करावें. मोठ्या आवाजांत रोज उभें राहणाऱ्याचे कान लवकर जातात, आणि कान गेलेला वादक हा दृष्टि गेलेल्या सोनारासारखा. रात्रीच्या जलशानंतर जें जें पुढें केलें जातें तें तें घेऊं नये. आणि दोन वर्षांनीं हिशेब जुळला नाहीं, तर कचेरीचें दार उघडें आहे हें मनांत ठेवून, लाज न बाळगतां परत यावें. ही शेवटची अट वहिनींनीं घातली. त्या म्हणाल्या, “परत यायची लाज वाटली म्हणजे मुलें बिघडतात, हरली म्हणून बिघडत नाहींत.”

ह्यांतून पुढें काय निष्पन्न होईल हें मला ठाऊक नाहीं. कदाचित् तो दोन वर्षांनीं हिशेबाच्या वह्यांकडे परतेल, आणि अण्णांप्रमाणें सणासुदीस हौसेनें वाजवील. कदाचित् मोठमोठ्या गायकांच्या मागें त्याचें आयुष्य जाईल, आणि लाखों लोक त्याचा खर्ज छातींत घेऊन घरीं जातील व त्याचें नांव त्यांना कधींहि कळणार नाहीं. दोहोंपैकीं कोणत्याहि स्थितींत त्याला कमीपणा वाटूं नये, एवढें मात्र आम्हीं घरच्यांनीं पाहावयाचें आहे. वाचकांच्या घरींहि असा एखादा मुलगा किंवा मुलगी असेल. त्यांना पुढें जाऊन गा असें सांगण्यापूर्वीं, तें मूल मागें बसून काय सांभाळीत आहे हें एकदां डोळे मिटून ऐकावें, एवढीच माझी विनंति आहे.

गेल्या एकादशीस आमच्या घरीं भजन झालें. अण्णा पेटी घेऊन बसले. बऱ्याच वेळानें त्यांनीं मान वळविली व मुलाला म्हणाले, “तुझें तें आण. हळू वाजव.” त्यानें तें आणलें, आणि हळू वाजविलें. निराळा असा त्याचा नाद मला ह्याहि वेळीं ऐकूं आला नाहीं. परंतु अण्णांचा स्वर, जो अलीकडे वयोमानानें कांपूं लागला आहे, तो त्या रात्रीं कांपला नाहीं.